माळकऱ्याची वाईन टूर

फ्लॉरेन्सच्या रेल्वे स्टेशनाजवळ दुपारी दीड-दोनला उभं राहिलं, की हातात छोट्या पाट्या धरलेली तरुण मुलं-मुली दिसतात. त्यांच्याभोवती टोप्या आणि गॉगल घातलेली माणसं जमतात, मिनीबसमध्ये चढतात आणि संध्याकाळी सातला जराशी लालबुंद, जराशी जास्तच प्रेमळ होऊन परत येतात. ही कियांतीची अर्ध्या दिवसाची वाईन टूर. दोन वायनऱ्या, एक गाव आणि मध्ये फोटो काढायला एक वळण. पूर्ण दिवसाचीही टूर असते. पण तीत जेवण असतं, आणि जेवण झालं की निम्मी बस झोपते. मला अर्ध्या दिवसाचीच बरी वाटते. इतक्या वेळात वाईनमधलं काही कळत नाही हे सगळ्यांनाच ठाऊक असतं, त्यामुळे कळल्याचा आव कुणी आणत नाही.

या टूरला मी मामांना घेऊन गेले. मामा निफाडकडचे द्राक्ष बागाईतदार, आणि माळकरी. गळ्यात तुळशीची माळ, वर्षाला वारी, दारूला स्पर्श नाही. मामा-मामी माझ्याकडे म्युनिकला आले होते, तिथून आम्ही इटलीत उतरलो. दोन दिवस संगमरवरी पुतळे बघून झाल्यावर मामांनी विचारलं, "इथं द्राक्ष कुठं होतं गं?" मी म्हटलं, "होतं, पण त्याची वाईन करतात." "मग करू दे की. मला वेल बघायचाय, मला कोण पाजतंय!" मामींना एकच शंका होती : वास घेतला तर माळेला चालतं का? मामा म्हणाले, वास काय, दारूच्या दुकानावरून जाताना पण येतो.

फ्लॉरेन्स आणि सिएना या दोन शहरांमधला डोंगराळ पट्टा म्हणजे कियांती. शहर संपलं की कियांतीजाना नावाचा रस्ता लागतो आणि तो सरळ जायचं नावच घेत नाही. एका वळणावर ऑलिव्ह, पुढच्या वळणावर द्राक्षं, मग ओकचं जंगल, मग टेकडीवर चर्चचा मनोरा धरून बसलेलं गाव. गाईड मुलगी चटपटीत होती. माइक हातात घेतल्या घेतल्या तिनं काळ्या कोंबड्याची गोष्ट सुरू केली.

फ्लॉरेन्स आणि सिएना यांचं कियांतीवरून पिढ्यान्‌पिढ्यांचं वैर. शेवटी ठरलं, की पहाटे कोंबडा आरवला की दोन्हीकडून एकेक घोडेस्वार निघायचा, आणि ते भेटतील तिथे हद्द. सिएनावाल्यांनी पांढरा कोंबडा निवडला आणि खाऊपिऊ घालून गुबगुबीत केला. फ्लॉरेन्सवाल्यांनी काळा निवडला आणि उपाशी ठेवला. भुकेलेला काळा कोंबडा उजाडायच्या पुष्कळ आधीच ओरडू लागला. फ्लॉरेन्सचा स्वार इतका पुढे आला, की दोघांची गाठ फोन्तेरुतोलीला पडली, सिएनाच्या वेशीपासून जेमतेम बारा किलोमीटरवर. कियांती जवळजवळ सगळं फ्लॉरेन्सला मिळालं. आजही कियांती क्लासिकोच्या प्रत्येक बाटलीवर तो काळा कोंबडा असतो. बसमधले लोक हसले. मामी हळहळल्या, "म्हणजे जिंकला तो उपाशीच होय!" मामांना मात्र गोष्ट पूर्ण पटली. बांधावरचा वाद मोजणीनं मिटत नाही, कुणीतरी लवकर उठावं लागतं, असं त्यांचं मत पडलं.

कोंबड्याची दंतकथा बाजूला ठेवली तरी हद्दीचं प्रकरण इथे खरोखरच जुनं आहे. १७१६ मध्ये इथल्या तस्कनी प्रांताचा ग्रँड ड्यूक तिसरा कोसिमो दे मेदिची यानं फर्मान काढून कियांतीसह चार वाईन-प्रदेशांच्या सीमा आखून दिल्या. मग नाव चाललं म्हणून नावाची ओढाताण सुरू झाली. १९२४ मध्ये मूळ भागातल्या उत्पादकांनी कोंबड्याचं निशाण घेऊन संघ काढला; १९३२ मध्ये सरकारनं आसपासच्या बऱ्याच मोठ्या मुलखालाही कियांती म्हणवून घ्यायची मुभा दिली, आणि जुन्या गाभ्याला 'क्लासिको' ही शेपटी लागली. आमच्या गाईडनं हे अर्ध्या मिनिटात उरकलं. तिचं बरोबरच होतं, समोर पहिली वायनरी आली होती.

सप्टेंबरचा शेवटचा आठवडा होता, काढणी चालू होती. बाकी सगळे तळघराकडे वळले आणि मामा बागेकडे. मी आणि गाईड त्यांच्या मागे.

ओळीच्या टोकाला गुलाबाचं झाड होतं. गाईड म्हणाली, पूर्वी गुलाब यासाठी लावत, की रोग आधी गुलाबावर दिसायचा आणि शेतकरी सावध व्हायचा. मी भाषांतर केलं. मामा म्हणाले, "गुलाबाची भुरी वेगळी, द्राक्षाची भुरी वेगळी. ती ह्यावर येत नाही. हवा भुरीची आहे एवढं कळेल फार तर. सांग तिला, दिसायला छान आहे." मी शेवटचं वाक्य तेवढं सांगितलं.

मग त्यांनी खाली बसून माती हातात घेतली. इथे दोन प्रकारचे दगड सतत पायात येतात. एकाला गालेस्त्रो म्हणतात, तो चुरचुरीत, पापुद्र्यांचा. दुसरा अल्बेरेझे, पांढरट चुनखडीचा. मामांनी गालेस्त्रोचा तुकडा चिमटीत धरून भुगा केला. "मुरूमच आहे की. पाणी उभं राहात नसणार." ठिबकच्या नळ्या शोधल्या, दिसल्या नाहीत. नेहमीचं पाणी द्यायला इथल्या नियमात परवानगी नाही, अगदीच कोरड्या वर्षी गरजेपुरतं देता येतं, हे ऐकून ते आमच्याकडे असे बघायला लागले, की जणू आम्हीच त्यांचा पंप बंद केला होता.

घड बघून तर ते गप्पच झाले. सांजोवेझे जातीचा मणी, लहान, काळा, जाड सालीचा, आत बिया. निर्यातीच्या बागेत मामा सोळा-अठरा मिलिमीटरच्या मण्यासाठी जीव टाकतात : घडाची विरळणी, मणी फुगवणाऱ्या संजीवकात बुडवणं, रोजचा भाव, रोजची फवारणी. इथे उलट. मणी लहान तर साल जास्त, आणि रंग-चव सालीत. हेक्टरी साडेसात टनांवर द्राक्ष घेतलं तर कोंबड्याचं निशाण मिळत नाही. म्हणजे एकरी तीन टन. जास्त धरलेले घड हे लोक हिरवे असतानाच कापून जमिनीवर टाकतात. "आमच्याकडं एकरी दहा-बारा टन निघतं," मामा म्हणाले. गाईडनं डोळे मोठे केले. मग तिनं विचारलं, छाटणी कधी करता? मामांनी दोन बोटं दाखवली. एप्रिलमध्ये खरड छाटणी, तिच्यात काडी तयार होते. ऑक्टोबरमध्ये गोडी छाटणी, तिच्यावर फळ येतं. तिला वाटलं, वर्षाला दोन पिकं! तसं नाही. इथला वेल थंडीत पानं गाळून झोपतो, एकदा छाटला की वसंतात आपण होऊन उठतो. निफाडचा वेल झोपतच नाही, त्याला कात्री लावूनच वेळापत्रक शिकवावं लागतं. एवढं सगळं मला इंग्रजीत सांगताना घाम फुटला.

एक गोष्ट मात्र दोघांना एकमेकांची लगेच कळली. वेलाच्या बुंध्यावर, जमिनीपासून वीतभर वर, एक जाड गाठ होती. मामांनी तिच्यावर बोट ठेवलं : "कलम." एकोणिसाव्या शतकात अमेरिकेतून फिलॉक्झेरा नावाचा मुळं खाणारा किडा आला आणि त्यानं युरोपातल्या बागा उद्ध्वस्त केल्या. उपायही अमेरिकेतूनच आला. तिथल्या रानटी वेलींची मुळं त्याला पुरून उरत, म्हणून खाली अमेरिकन खुंट आणि वर आपली जात, अशी कलमं सुरू झाली. मामांची बाग डॉगरिजच्या खुंटावर आहे, पाण्याचा ताण आणि खारट जमीन सोसावी म्हणून, तोही अमेरिकनच. डावणी हा वेलीचा बुरशीचा रोग, तीही अमेरिकेतूनच युरोपात गेली, आणि तिच्यावर मोरचूद-चुन्याचं बोर्डो मिश्रण फ्रान्समध्ये निघालं. 'बोर्डो' हे फ्रान्समधल्या वाईनच्या प्रांताचं नाव आहे हे मामांना त्या दिवशी कळलं. तोवर त्यांच्या लेखी ते एक औषध होतं, आणि मला वाटतं, अजूनही आहे.

तळघरात स्टीलच्या उंच टाक्या होत्या, आणि आत रस फसफसत होता. दार उघडल्याबरोबर गोड, आंबूस, जड वास अंगावर आला. बसमधल्या एका बाईंनी डोळे मिटून "आहा" केलं. मामा दारातच थांबले. मला वाटलं, माळ. नंतर बाहेर बाकावर बसल्यावर मामींनी सांगितलं : अवकाळी पाऊस आला की तयार माल बागेतच तडकतो, मांडवाखाली पडून सडतो; तेव्हा चार-आठ दिवस घरापर्यंत हाच वास येतो. मामांनी आयुष्यात वाईन प्यायली नाही, पण वाईनचा पहिला अर्धा भाग त्यांनी स्वतःच्या खर्चानं पुष्कळ वेळा केला आहे.

चव घ्यायच्या टेबलावर पेला फिरवायचा, उजेडात धरायचा, नाक आत घालायचं, असा विधी असतो. चेरी, व्हायोलेटची फुलं, चामडं, तंबाखू असे वास सांगितले जातात. मला चेरी सापडली, तीही सांगितल्यावर. सोबत ब्रेडचे तुकडे आले. तस्कनीच्या पारंपरिक ब्रेडमध्ये मीठ नसतं. मामींनी एक घास घेतला, आणि स्वयंपाकघरातल्या बाईबद्दल त्यांच्या चेहऱ्यावर सहानुभूती दाटून आली. मामांसमोरचे तीनही पेले शेजारच्या डच जोडप्यानं आनंदानं वाटून घेतले. मामा हिशेब करत होते. एका बाटलीला साधारण सव्वा किलो द्राक्ष लागतं. बाटली एवढ्या युरोला. म्हणजे किलोला किती? "पण मजुराला काय मिळतं? द्राक्षवाल्याला काय मिळतं?" हे गाईडच्या माहितीत नव्हतं. तिच्या माहितीत बॅरन रिकासोली होता. इटलीचा दुसरा पंतप्रधान. ब्रोलिओच्या किल्ल्यात बसून यानं १८७२ मध्ये एका पत्रात कियांतीची कृती लिहून ठेवली, सांजोवेझे मुख्य, सोबत कानायोलो ही दुसरी द्राक्षाची जात, आणि लवकर प्यायची असेल तर थोडी पांढरी मालवाझिया. पंतप्रधानानं वाईनची कृती लिहावी याचं मला फार कौतुक वाटलं. मामांना वाटलं नाही. ते म्हणाले, बाग कोण करत होतं?

याचं उत्तर ड्रायव्हरनं दिलं. साठीचा माणूस, टूरभर गप्प. पुढे ग्रेव्हे गावाच्या चौकात सुटं व्हायला वेळ दिला होता. हा चौक त्रिकोणी आहे, बाजूंनी कमानींच्या ओसऱ्या, मधोमध जोवान्नी दा व्हेरात्सानोचा पुतळा. १५२४ मध्ये न्यू यॉर्कच्या खाडीत शिरलेला हा खलाशी, त्याच्या घराण्याचा किल्ला इथे जवळच. लोक पुतळ्यासोबत फोटो काढत होते, आणि आम्ही ड्रायव्हरसोबत कॉफी पीत होतो. गाईड आमच्यात दुभाषी, आणि मी तिच्यात आणि मामांच्यात.

त्याचे आजोबा याच टेकड्यांवर अर्धेलीनं शेती करत. जमीन, घर, बैल मालकाचे, राबणं सगळ्या कुटुंबाचं, पीक निम्मं-निम्मं. शिवाय सणाला मालकाकडे कोंबडे, अंडी पोचवायची. शतकानुशतकं हीच पद्धत. आज ज्यांना आपण पोहण्याचा तलाव असलेले देखणे दगडी बंगले म्हणून बघतो, ती या अर्धेलीच्या शेतकऱ्यांची घरं. आणि त्या सरळ, विंचरल्यासारख्या ओळी? त्याही तेव्हा नव्हत्या. वेल मेपलच्या झाडांवर चढवलेला असायचा, झाडांच्या मध्ये गहू, कडेला ऑलिव्ह. दुसऱ्या महायुद्धानंतर तरुण माणसं कारखान्यांकडे पळाली. ड्रायव्हरचे वडील प्रातोच्या कापड गिरणीत गेले. १९६४ मध्ये कायद्यानं अर्धेलीचे नवे करार बंद झाले. घरं ओस पडली, मग परदेशी लोकांनी घेतली, आणि युरोपच्या अनुदानावर ट्रॅक्टरला सोयीच्या अशा ओळी लागल्या. म्हणजे 'शेकडो वर्षं न बदललेला निसर्ग' म्हणून पोस्टकार्डावर जे विकतात, त्यातलं बरंच काही मामांपेक्षा वयानं लहान आहे. हे टूरमध्ये सांगत नाहीत, सांगायला हवं असं माझं मत. वाईनची चव त्यानं काही उतरत नाही.

मामांनी कप खाली ठेवला. त्यांचे आजोबा कूळ होते. १९४८ चा कूळकायदा, मग १ एप्रिल १९५७, आणि कसेल त्याची जमीन. त्या धुमश्चक्रीत आजोबांच्या नावावर साडेचार एकर लागले. त्यातच आजची बाग आहे. ड्रायव्हरनं ऐकून घेतलं, आणि गाईडला काहीतरी लांबलचक बोलला. तिनं मला एवढंच सांगितलं : "तो म्हणतो, आम्हाला कारखाना मिळाला, यांना जमीन मिळाली." मामांनी हे ऐकून लगेच दुरुस्ती केली. "त्याला सांग, त्याला पगार मिळाला. पेन्शन पण असेल." ड्रायव्हर मोठ्यानं हसला. पेन्शन होती.

मग तो मामांना चौकामागच्या गल्लीतल्या अवजारांच्या दुकानात घेऊन गेला. बस पाच मिनिटं थांबली, डच जोडपं गाणं म्हणू लागलं. बाकीच्यांच्या हातात बाटल्या होत्या; मामा आले ते छाटणीची लाल मुठीची कात्री घेऊन. पूर्ण रस्ताभर ते तिचं पातं अंगठ्यावर घासून बघत होते. घरी पोचल्यावर पंधरा दिवसांत गोडी छाटणी धरायची होती. मजुरांच्या टोळीला फोन करायचा राहिलाय, हे त्यांना बसमध्येच आठवलं, आणि विमानात ती कात्री हातातल्या पिशवीत नेऊ देणार नाहीत, हे मामींना.