पासष्ट झाले, बास

परवा दुपारी रद्दीवाला येणार म्हणून माळ्यावरचं पोतं खाली काढलं आणि त्यात माझी सहावीतली रफ वही सापडली. रफ वही म्हणजे तीच हो, मे महिन्यात जुन्या वह्यांतली उरलेली कोरी पानं फाडून आई दाभणाने शिवून द्यायची ती, एक पान एकेरी, एक दुरेघी, मधेच चौकटीचं आणि कुठेतरी गेल्या वर्षीचा अर्धवट भूगोल. तिच्या मागच्या पानावर यादी आहे. वर लिहिलंय 'लिझी', खाली नंबर. 1 स्वेटरचा. 2 दुकानाचा (आजी असताना नको).

लिझी म्हणजे लिझी मॅग्वायर, डिस्ने चॅनेलवरच्या त्याच नावाच्या अमेरिकन मालिकेतली शाळकरी पोरगी. शाळेतनं आलं की दप्तर टाकायचं, कपबशीत चहा, चहात पार्ले आणि समोर ही पोरगी. ती नुसती गप्प उभी असायची आणि तिच्या मनातलं सगळं एक छोटी कार्टून लिझी येऊन बडबडून जायची. मला ते फार हवं होतं, माझ्या मनातलं बोलायला कुणीतरी. मिरांडा आणि गॉर्डो हे दोन दोस्त, आणि मॅट नावाचा पाजी धाकटा भाऊ (माझ्याकडेही होता, आहे). स्वेटरचा भाग म्हणजे शाळेत फोटो काढायच्या दिवशी तिला आजीने दिलेला युनिकॉर्नचा भयाण स्वेटर घालावा लागतो तो. आमच्या आजीने तो बघून, काय वाईट आहे त्यात, ऊबदार दिसतोय की, असं म्हटलं होतं. दुकानाचा भाग म्हणजे लिझी आणि मिरांडा पहिली ब्रा आणायला जातात तो. त्यात लिझी घरात उभी राहून ओरडून सांगते की मला ब्रा हवीय, आणि त्याच क्षणी आजी शेंगा सोलत शेजारी बसलेली, बाबा दारात चपला काढतायत, आणि मी रिमोटवर जी झेप घेतली तशी झेप पुढे कबड्डीतही घेतली नाही. चॅनेल बदललं तर लागली शेतीविषयक माहिती. ऊस. बाबा खूश.

तर यादी बघून म्हटलं ही मालिका संपली कशी ते बघू, कारण मला शेवट आठवेना. मग जे वाचलं त्याने दुपारची झोपच गेली. अमेरिकेत ती 12 जानेवारी 2001 ला सुरू झाली आणि शेवटचा नवा भाग लागला 14 फेब्रुवारी 2004 ला. आपल्याकडे डिस्ने चॅनेल आलं डिसेंबर 2004 मध्ये. म्हणजे आम्ही बघायला बसलो तेव्हा तिकडे सगळं आवरून माणसं घरी गेली होती.

आणि ती बंद का पडली, तर लोकांना नकोशी झाली म्हणून नाही, उलट तुफान चालली होती. पण त्या चॅनेलचा हिशोबच असा की एका मालिकेचे 65 भाग झाले की थांबायचं. 65 का, तर आठवड्याचे पाच दिवस रोज एक लावला की बरोब्बर तेरा आठवडे, तीन महिने जातात, मग परत पहिल्यापासून. वाण्याकडच्या उधारीच्या वहीइतका साधा हिशोब. (पुढे त्याच चॅनेलच्या 'दॅट्स सो रेव्हन' या मालिकेने तो मोडला, शंभरपर्यंत गेली.) इकडे आजीची 'चार दिवस सासूचे' 2001 लाच सुरू झालेली, ती थांबली 2013 ला, तीन हजारांवर भाग करून. नावात चार दिवस.

गंमत पुढेच आहे. मे 2003 मध्ये सिनेमा आला, त्यात ही पोरं ती शाळा संपवून रोमला सहलीला जातात, लिझी आणि गॉर्डोचं काय ते होऊनही जातं. मिरांडा त्यात नाहीच, मेक्सिकोला गेलीय म्हणे. आणि सिनेमानंतरही टीव्हीवर उरलेले नवे भाग चालूच, पोरं परत त्याच शाळेत! पुढे हायस्कूलची मालिका, दुसरा सिनेमा असं काय काय ठरत होतं, पण लिझीचं काम करणाऱ्या हिलरी डफच्या बाजूची आणि डिस्नेची पैशांवरून बोलणी फिसकटली आणि विषय संपला. त्या सिनेमातच केट, लिझीच्या शाळेतली नखरेल पोरगी, लिझीला टोमणा मारते, तेच कपडे परत घातलेस म्हणून. आमच्याकडे दिवाळीचा ड्रेस पुढच्या दिवाळीपर्यंत सगळ्या लग्नांना, मग धाकट्या मामेबहिणीला, मग फरशी पुसायला. केटला आमच्या घरी आणायला हवी होती.

2019 मध्ये परत घाट घातला, तिशीतली लिझी, न्यूयॉर्कमध्ये. दोन भाग शूटही झाले. पण हिलरीचं म्हणणं, तिशीतल्या बाईचं आयुष्य तिशीतल्यासारखं दाखवा, आणि कंपनीला हवी पोराबाळांसकट बघता येईल अशी लिझी. 2020 च्या जानेवारीत मूळ लेखिका टेरी मिन्स्की बाहेर पडली, डिसेंबरात हिलरीने सांगून टाकलं की होत नाहीये. कोऱ्या पानांची वही शिवायला घेतली आणि दोन टाक्यांवर दोरा तुटला. मला खरं तर ती तिशीतली बघायची होती, मीही तिशीतच आहे, आणि आजी नसल्यामुळे आता रिमोटही शोधावा लागला नसता.

माझी यादी 41 वर थांबलीय. 42 लिहून पुढे टिंब दिलंय आणि कोरं. 65 पर्यंत का नाही गेले काही केल्या आठवत नाही, बहुतेक स्कॉलरशिपचा क्लास लागला असेल त्या वेळेला, किंवा केबलवाल्याचे पैसे थकले असतील. त्याच पानावर खाली आजीच्या अक्षरात, शेंगदाणे अर्धा किलो, रॉकेल, सुई.

रद्दीवाला आला, वही ठेवून घेतली. बाकी सगळं नऊ किलो भरलं.