माझा ओटीपी गोव्यात जात होता

लाडक्या बहिणीचे पैसे चालू राहायला केवायसी, म्हणजे आधारवरून ओळख पटवणं, करायची आहे हे कळलं तेव्हा सीना नदीला पूर आलेला. आमच्या माढा तालुक्यात कुणाच्या घरात पाणी, कुणाचं सोयाबीन पाण्याखाली. 18 सप्टेंबर 2025 ला आदेश निघाला, दोन महिन्यांची मुदत मिळाली. मी म्हटलं, दोन महिने म्हणजे पुष्कळ झाले.

2024 ला फॉर्म भरताना मला हातही हलवावा लागला नव्हता. अंगणवाडीच्या ताईंनी त्यांच्याच फोनवर नारीशक्ती दूत ॲप उघडलं, माझा फोटो काढला, कागदपत्रं चढवली. राखीच्या आधी बायकांना तीन-तीन हजार आले. माझे कुठे गेले ते आठ दिवस कळेना. शेवटी सापडले जुन्या जनधन खात्यात. पासबुकावर मी फोन नंबर लिहून ठेवायची, ते पासबुक. आधार ज्या खात्याला जोडलेलं असेल तिथेच पैसे पडतात, हे तेव्हा समजलं.

या वेळी मात्र सगळं ओटीपीवर होतं. माझी मुलगी बारावीला आहे, घरातला मोठा फोन तिच्याकडे. तिने माझा आधार नंबर टाकला, ओटीपी पाठवला असं फोनने सांगितलं, आणि आम्ही दोघी फोनकडे बघत बसलो. काही आलं नाही. परत टाकला. नाही. तिसऱ्या वेळी ती म्हणाली, "आई, तुझ्या आधारला नंबर कुठला आहे?"

आता हे मला कुठून आठवणार? आधार काढलं ते शाळेतल्या कॅम्पात, बारा वर्षं तरी झाली. टेबलावरच्या पोराने विचारलं, मोबाईल नंबर? घरात फोन एकच, मालकांचा. तोच सांगितला. पुढे जिओ आलं, मालकांनी नवीन कार्ड घेतलं, जुन्यात रिचार्ज मारायचं कुणाच्या डोक्यात येणार. आधारच्या साईटवर नंबराचे शेवटचे तीन आकडे दिसतात. मुलीने ते वाचून दाखवले आणि मी भिंतीकडे गेले. फोन नवीन होता तेव्हा विसरू नये म्हणून मी तो नंबर कोळशाने देव्हाऱ्याशेजारी लिहिला होता. वरून दोनदा चुना झालाय, तरी आकडे अंधूक दिसतात.

त्या नंबरावर फोन लावला. पलीकडून आवाज आला, "कोण उलयता?"

गोव्याचा माणूस. बंद पडलेला नंबर कंपनी काही महिन्यांनी दुसऱ्याला देते, आणि महाराष्ट्र-गोवा फोनवाल्यांच्या हिशेबी एकाच पट्ट्यात येतात, हे मुलीने नंतर सांगितलं. भला माणूस होता. म्हणाला, आधाराचे मेसेज येतात मधूनमधून, मी डिलीट करतो. मी धीर करून म्हटलं, दादा, आत्ता आलेला तेवढा सांगता का? तो जरा थांबला. "बाई, तुम्ही कोण मला काय ठाऊक? आणि मी कोण तुम्हाला काय ठाऊक?" खरंच होतं ते. ओटीपी कुणाला सांगू नका म्हणून फोनवर बाई ओरडायची, आणि मीच मागत होते.

मग ठरवलं, सिम माझ्या नावावर घ्यायचं. मालक म्हणाले, माझाच नंबर दे ना, कशाला दुसरा खर्च? शिलाईचे पैसे माझे होते, घेतलं. जुना बटणांचा फोन डब्यात पडून होता, त्यात घातलं. ओटीपीला मोठा फोन लागत नाही, साधा मेसेजच असतो तो. रिचार्जला महिन्याला दीड-दोनशे जातात, ते मात्र टोचतं.

आधारला नंबर बदलायला तेव्हा माणूसच समोर लागायचं, कारण बोटं उमटावी लागायची. कुर्डुवाडीच्या केंद्रावर सकाळी सातला टोकन. फी 50 वरून 75 झालेली, 1 ऑक्टोबरपासून. माझी बोटं काही उमटेनात. वीस वर्षं सुई धरलीय, उजव्या तर्जनीचं टोक गुळगुळीत झालंय. पोरगा म्हणाला, काकू, ओल्या फडक्याने पुसा. पुसली. मग केसांवरून फिरवा, तेल लागेल जरा. तेही केलं. शेवटी डोळ्यांचं मशीन लावलं आणि काम झालं. पोचपावती मिळाली. आठव्या दिवशी बटणांच्या फोनवर मेसेज आला. तो मला वाचता आला नाही, इंग्रजीत होता, पण माझा होता.

त्या संध्याकाळी परत बसलो. ओटीपी आला! मी आकडे ओरडून सांगितले, मुलीने टाकले. पुढचं पान उघडलं: आता पतीचा आधार नंबर. टाकला. ओटीपी पाठवला. कुठे? त्याच तीन आकड्यांवर. मालकांचं आधारही त्याच कॅम्पात निघालेलं, नंबरही तोच. मी तर हसायलाच लागले. गोव्याच्या दादांचा फोन परत वाजला असणार.

मुलीने परवा तिच्या पुस्तकातून वाचून दाखवलं, 2019-21 च्या कौटुंबिक आरोग्य पाहणीत देशातल्या 54 टक्के बायकांकडे स्वतः वापरायचा फोन होता. मी विचार केला, तेव्हा मला कुठे धरलं असतं? फोन वापरते का, वापरते की. नंबर कुणाचा, हे कोण विचारतंय.

मालक उसाच्या ट्रॅक्टरवर ड्रायव्हर. 1 नोव्हेंबरला हंगाम सुरू झाला, आता सुट्टी कसली. मुदत संपत आली तशी माझी झोप उडाली. मग ती डिसेंबरअखेरपर्यंत वाढली आणि नशिबाने ट्रॅक्टरचा टायर फुटला. तो एक दिवस मी त्यांना घेऊन कुर्डुवाडी गाठली. त्यांची बोटं पहिल्या फटक्यात उमटली. पोराने विचारलं, नंबर कुठला टाकू? मालकांनी खिसे चाचपले, फोन ट्रॅक्टरवर राहिलेला, नंबर तोंडपाठ नाही. मी माझा सांगितला. एका नंबरावर घरातली दोन आधार चालतात.

केवायसी झाली. शेवटच्या पानावर घरात कुणी सरकारी नोकर नाही ना, असले प्रश्न आले. तिथे "नाही"ला "हो" म्हणायचं की "नाही", यावर आम्ही मायलेकी पंधरा मिनिटं भांडलो. सावकाश वाचा एवढंच सांगते.

गेल्या आठवड्यात मालकांना शेतकरी ओळखपत्राचं काम काढायचं होतं. सेवा केंद्रातून त्यांचा फोन आला. मी मशीनवर होते, ब्लाउजची बाही अर्धी.

"अगं, ओटीपी आलाय का बघ."

म्हटलं, थांबा, ही शिवण होऊ दे.