माझी मैना, गिरणगाव आणि मुंबई

मुंबईवर ढीगभर लिहिलं गेलंय, पण या शहराला कुणाच्या शब्दांनी खरंच हलवलं असेल तर ते अण्णा भाऊ साठेंच्या 'माझी मैना'ने, हे माझं ठाम मत आहे. आपण ती छक्कड (लावणीचाच एक प्रकार) गॅदरिंगमध्ये ऐकतो, टाळ्या वाजवतो आणि विषय संपतो. जरा नीट ऐका ना! बायकोला गावी ठेवून पोटासाठी मुंबईत आलेला माणूस, आधी तिची आठवण काढतो, मग इथली श्रीमंती आणि स्वतःचे हाल बघतो, आणि शेवटी महाराष्ट्राबाहेर राहिलेलं बेळगाव, कारवार हीच त्याची मैना होते.

आता हे ऐकणारे कोण होते बघा. गिरणगावात, म्हणजे गिरण्यांच्या लालबाग-परळ भागात, चाळीतल्या एकेका खोलीत कितीतरी पुरुष, कुणी कोकणातले कुणी घाटावरचे, दिवसपाळीवाला गिरणीत गेला की रातपाळीवाला त्याच्याच जागेवर अंग टाकणार, जेवायला खानावळ, सगळा संसार एका ट्रंकेत आणि बायको गावी. अशा माणसाला संयुक्त महाराष्ट्र म्हणजे काय हे नकाशा दाखवून सांगावं लागत नाही, ताटातूट त्याला रोजचीच माहीत होती. अण्णा भाऊ, अमर शेख आणि गवाणकरांनी १९४४ मध्ये लाल बावटा कलापथक काढलं होतं, त्यांची शाहिरी याच वस्त्यांमध्ये घुमायची. १ मे १९६० ला मुंबईसह महाराष्ट्र झाला तो हुतात्म्यांमुळे, मोर्च्यांमुळे, पण त्या मोर्च्यांना आवाज या शाहिरांनी दिला. (बेळगाव राहिलं ते राहिलंच.)

पुढे कवी नारायण सुर्वे. एका गिरणी कामगाराने वाढवलेलं अनाथ पोर, १९६६ च्या संग्रहाचं नावच 'माझे विद्यापीठ', आणि हे विद्यापीठ म्हणजे इथला रस्ता.

मग १८ जानेवारी १९८२ चा गिरणी संप आला, अडीच लाखाच्या आसपास कामगार, आणि बहुतेकांना गिरणी परत मिळालीच नाही. पेपरात आकडे आले, पण घरात काय झालं ते कळतं जयंत पवारांच्या 'अधांतर' या नाटकात. एकाच खोलीतलं कुटुंब, एका मुलाला लेखक व्हायचंय, दुसरा गँगमध्ये गेलाय, आणि आई सगळ्यांना धरून ठेवायला बघतेय. ते वाचल्यावर लोअर परेलला उतरलं की मला नुसते काचेचे टॉवर दिसत नाहीत, मॉलच्या आवारात जुन्या गिरणीची चिमणी दिसली की पाय थांबतात. पवारांच्या ज्या कथासंग्रहाला साहित्य अकादमी मिळाली त्याचं नावही 'फिनिक्सच्या राखेतून उठला मोर', आणि फिनिक्स ही इथलीच गिरणी, जिच्या जागी आता मॉल आहे.

ही पुस्तकं तिथल्या ऑफिसांमध्ये वाचली जावीत असं मला फार वाटतं, कारण तिथे रोज येणाऱ्या कितीतरी पोरांच्या आजोबांनी याच आवारांमध्ये साचे (कापडाचे माग) चालवलेत आणि पोरांना ते कुणी सांगितलेलंच नसतं.