गेममध्ये गाडीच नव्हती

छोटा हत्ती, म्हणजे टाटा एस ही छोटी मालवाहू गाडी, घेतल्यापासून गावात एक गोष्ट पसरली आहे, की मी गेम खेळून गाडी घेतली. अर्धी खरी आहे. मी जो गेम खेळत होतो त्यात घरं दुरुस्त करायची असतात आणि त्यात गाडी नावाची वस्तूच नाही. तीच गोष्ट डोक्यात बसली. आमच्या धंद्यातली बरीच पोरं अजून स्प्लेंडरवर पुट्टीचं पोतं बांधून फिरून राहिली आहेत. ती मला विचारतात की जुनी गाडी कशी घेतली, कागद कसे केले. म्हणून एकदा सगळं लिहून टाकतो.

मी आर्वी तालुक्यातला. रंगकाम, पुट्टी, फरशी, आणि गवंडी सोबत असला तर थोडं प्लास्टर, अशी घरदुरुस्तीची कामं घेतो. मे महिन्यात आमचं काम सकाळी अकराला थांबतं ते ऊन उतरल्यावर पुन्हा सुरू होतं. त्या उन्हात पुट्टी भिंतीवर ओढायच्या आतच सुकते. अशा दुपारी बहिणीच्या घरी कूलरपुढे पडलो असताना भाच्याने लॅपटॉपवर ‘हाऊस फ्लिपर’ लावून दिला. “मामा, तुमचाच धंदा आहे, पहा जमते का.”

हा गेम पोलंडमधल्या मंडळींनी बनवला आणि २०१८ मध्ये बाजारात आणला. सुरुवातीला तुमच्याकडे एक मोडकं घर आणि एक लॅपटॉप. त्यावर कामाचे ईमेल येतात. कुणाचं घर साफ करा, कुणाची खोली रंगवा, कुणाकडे शॉवर बसवा. पैसे साठले की पडकं घर विकत घ्यायचं, नीट करायचं, लिलावात विकायचं. जे काम जास्त कराल त्यात तुमचा हात सुधारतो, त्याचे पॉइंट मिळतात आणि पुढचं काम भराभर होतं. झुरळं निघाली तर व्हॅक्युम क्लीनरने ओढून घ्यायची. (आमच्याकडे उधई, म्हणजे वाळवी, निघते, तिला व्हॅक्युमचं काही वाटत नाही.) आणि पोलंडचा गेम असल्यामुळे त्यात रेडिएटर बसवायचं काम पुन्हा पुन्हा येतं. बाहेर ४५ डिग्री आणि मी घामाघूम होऊन परक्याची खोली गरम करायची सोय करून राहिलो होतो.

भिंत रंगवायचं त्यांनी चांगलं दाखवलं आहे. रोलर डब्यात बुडवायचा, पट्टा ओढायचा, पुन्हा बुडवायचा. प्लास्टर मात्र तिथे एकदा केलं की झालं. आमच्या काळ्या मातीवर घर बांधून दाखवा म्हणावं. पावसाळ्यात ही माती पाणी पिऊन फुगते, उन्हाळ्यात आटते आणि जमिनीला हात जाईल एवढ्या भेगा पडतात. पाया वर-खाली होतो, भिंतीला तिरपी चीर जाते आणि घरमालक म्हणतो की पेंटरने पुट्टी नीट भरली नाही.

दोन-चार घरं झाल्यावर मी भाच्याला विचारलं, “सामान आणायला गाडी कधी भेटते? आपली गाडी मोठी नाही करता येत का?”

“गाडी नाहीच ना मामा. किलिक केलं का पोचलं. टाइल निवडली का हातात.”

पहिला भाग मी शेवटपर्यंत खेळलो, गाडी खरंच नाही. रंगाचा डबा हवा तर टॅबलेटवर निवडा, समोर हजर. पलंग, फरशी, बेसिन, सगळं तसंच. त्यामुळे एक अख्खं घर तिथे एका बैठकीत होतं. आमच्याकडे तेवढ्याच घराला पंधरवडा जातो, आणि सगळा पंधरवडा काही हात चालत नाही.

मग मी एक काम केलं. पोळ्यानंतर सीझन सुरू झाला तेव्हा वहीत रोजचा वेळ लिहायला लागलो. किती वेळ रोलर हातात होता आणि किती वेळ सामानाच्या मागे गेला. आमचा सीझन पिकाच्या पैशावर चालतो. सोयाबीन निघालं की दिवाळीआधी रंग, कापूस विकला की फरशी आणि लग्नाचं घर. दिवाळीच्या आधीच्या त्या दिवसांत सगळ्यांना एकदमच पेंटर हवा असतो. वहीत दिसलं ते असं: मालवाहू ऑटोचं भाडं मला जड वाटत होतं, पण खरा पैसा भाड्यात जात नव्हता, वाट पाहण्यात जात होता. ऑटोवाला बाजाराच्या दिवशी भाजी भरतो, तुमचा नंबर दुपारी. तोवर दोन पोरं परांचीवर बसून मोबाईल पाहतात आणि रोजी पूर्ण घेतात. काम संपल्यावर उरलेला अर्धा डबा आणि घोडी (जिच्यावर उभं राहून रंगवतो ती) मालकाच्या अंगणातच पडून राहते, कारण तेवढ्यासाठी वेगळा ऑटो परवडत नाही. पुढच्या कामाला पुन्हा नवीन डबा.

भाडं वाचवायला गाडी घेतली असती तर हिशेब बसलाच नसता. रोजी वाचवायला घेतली तर बसत होता.

तीनचाकी घ्यावी का चारचाकी, यावर बायकोचं आणि माझं बराच काळ चाललं. तीनचाकी स्वस्त आणि गल्लीत वळते. पण आमची कामं खेड्यांत, पांदण रस्त्याने जायचं, आणि वर शिडी बांधून तीनचाकी वळवताना मी एकाला नाल्यात गेलेलं पाहिलं आहे. शेवटी वजनावर निर्णय झाला. पुट्टीचं पोतं ४० किलोचं, सिमेंटचं ५० किलोचं, इमल्शनची २० लिटरची बादली पावणेतीस किलोच्या घरात जाते. दोन बाय दोनच्या फरशीचा चार नगांचा बॉक्स अठ्ठावीस-तीस किलो, त्यात सोळा चौरस फूट निघतात. चारशे फुटाच्या घराची फरशी म्हणजेच सातशे किलोच्या वर. टाटा एस २००५ साली आली तेव्हापासून हेच वजन धरून चालते, साधारण पाऊण टन. म्हणजे एका खोलीचं नव्हे, एका छोट्या घराचं सामान एका खेपेत.

नवीन परवडणार नव्हती. जुनी शोधताना मी एक अट धरली: गाडी एमएच ३२ चीच, म्हणजे वर्धा जिल्ह्याचीच. नागपूरला गाड्या जास्त आणि भाव बरा, पण दुसऱ्या आरटीओची गाडी म्हणजे कागदांचा आणखी एक फेरा.

गाडी मिळाली एका भाजीच्या व्यापाऱ्याकडे. “एका हातची गाडी हाये भाऊ, पाहून घ्या.” पाहून घेतली. म्हणजे मी नाही, माझ्या ओळखीच्या मिस्त्रीने. तो आधी इंजिनकडे गेलाच नाही. हौद्याखाली झोपून चेसिस पाहिली, कारण भाजीचं पाणी वर्षानुवर्षं गळून पत्रा आणि बोल्ट खाऊन टाकतं. मग चाकावरच्या स्प्रिंगचे पाटे मोजले. एका बाजूला एक पाटा जास्तीचा टाकलेला होता, म्हणजे मालकाने वजन ओढलं आहे. त्यावर भाव खाली आला. शेवटी चढावर दुसऱ्या गिअरमध्ये चालवून क्लच तपासला. सातशे सीसीचं दोन सिलिंडरचं इंजिन आहे, त्याच्याकडून ट्रकची अपेक्षा नाही, पण क्लच घसरत असेल तर भरलेली गाडी आमच्या नाल्याच्या चढावर उभीच राहील.

आता कागद. इथेच पोरं अडकतात, म्हणून जरा सविस्तर.

आधी मोबाईलवर एमपरिवहन या सरकारी अ‍ॅपमध्ये नंबर टाकून पाहा: मालकाचं नाव, फिटनेस (गाडी रस्त्यावर चालवायच्या लायक असल्याचं आरटीओचं सर्टिफिकेट) कधीपर्यंत, विमा कधीपर्यंत. ई-चलान बाकी आहे का तेही तेव्हाच पाहून घ्या, नाहीतर त्याचा दंड तुमच्या गळ्यात. मग आरसीवरचा, म्हणजे नोंदणीच्या कागदावरचा, चेसिस नंबर प्रत्यक्ष गाडीवर जाऊन वाचा.

माझ्या गाडीच्या आरसीवर बोजा, म्हणजे कर्जाची नोंद, होता. व्यापाऱ्याने कर्ज फेडलं होतं, पण फायनान्स कंपनीचं नाव निघालं नव्हतं. त्यासाठी कंपनीची एनओसी (ना-हरकत पत्र) आणि फॉर्म ३५ लागतो. ती एनओसी यायला फार वेळ गेला. कंपनीचा माणूस रोज “उद्या” म्हणायचा आणि नंतर फोन उचलणंच बंद केलं. मी व्यापाऱ्याचे थोडे पैसे मागे ठेवले होते, फॉर्म ३५ ची नोंद झाल्यावर देतो म्हणून. त्याला राग आला, पण शेवटी त्यानेच जाऊन कंपनीत ठिय्या दिला. पैसे पूर्ण दिले असते तर ठिय्या मला द्यावा लागला असता.

नाव बदलायला फॉर्म २९ आणि ३०. २९ विकणाऱ्याचा, ३० घेणाऱ्याचा. गाडी राज्यातलीच असेल तर विकणाऱ्याने १४ दिवसांत आणि घेणाऱ्याने ३० दिवसांत कळवायचं असतं. विमा नावावर करून घ्यायलाही १४ दिवसांत अर्ज करायचा, हे बहुतेक लोक विसरतात. मला काही रकमेसाठी पतसंस्थेचं कर्ज घ्यावं लागलं आणि उरलेले बायकोच्या बचत गटातून आले. पतसंस्थेचा बोजा चढवायला फॉर्म ३४. म्हणजे एकाचं नाव उतरवून दुसऱ्याचं चढवलं.

परमिटची भीती सगळ्यांना असते. ३००० किलोपर्यंत एकूण वजनाच्या मालवाहू गाडीला परमिट लागत नाही. छोटा हत्ती त्याच्या बराच खाली आहे. पण पिवळी पाटी आहे, म्हणून फिटनेस लागतोच. आठ वर्षांपर्यंत दोन वर्षांनी, त्यानंतर दर वर्षी. घेताना गाडीचं वय पाहायचं ते यासाठी. लायसन्स वेगळं काढायचं का, हेही विचारतात. साधं एलएमव्ही, म्हणजे हलक्या गाडीचं लायसन्स, चालतं. ७५०० किलोपर्यंतच्या मालवाहू गाडीला तेच पुरतं, असं सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये स्पष्ट केलं आहे. २०१९ च्या एप्रिलआधीच्या गाडीला हाय सिक्युरिटी नंबर प्लेट लावून घ्या, ते वेगळं.

गाडी दारात आल्यावर माझ्यातला गेम खेळणारा जागा झाला. आता अपग्रेड करायची! फॅब्रिकेशनवाल्याने कागदावर चित्र काढलं: वर जाळी, बाजूला कप्पे, मागे पायरी. मी बरंचसं खोडलं. मूळ बांधणी बदलली तर आरटीओत फिटनेसला अडकते, आणि जाळीचं प्रत्येक किलो हे पुट्टीचं एक किलो कमी. शेवटी दोनच गोष्टी केल्या. केबिनच्या मागे आडवी पेटी, कुलपाची. त्यात ग्राइंडर, ड्रिल, फरशी कापायचं मशीन, ओळंबा, थाप्या. आणि शिडीला आधार. हौदा सात फुटांचा आहे आणि माझी शिडी बाराची, ती फाळक्याबाहेर लोंबली की मागच्या मोटरसायकलवाल्याच्या तोंडाशी येते. म्हणून आता दोन भागांत उघडणारी शिडी घेतली. आधार करून घेतला तो तसाच रिकामा आहे, त्यावर पोरं डबा टांगतात. ताडपत्री मात्र जाड घ्या. भिजलेलं पुट्टीचं पोतं म्हणजे दगड.

पाट्यांवरून मिस्त्रीचं आणि माझं अजून पटत नाही. तो म्हणतो दुसऱ्या बाजूलाही एक टाकू, मी म्हणतो जास्तीचा आहे तो काढ. पाटा टाकला की पोरं भरतच जातात. आणि बारा इंची चाकं पावसाळ्यात काळ्या मातीत अर्धी गेली की पाटे किती आहेत हे कोणी विचारत नाही, ट्रॅक्टर कुणाचा आहे हे विचारतात. जुलै-ऑगस्टमध्ये मी पांदणीवरच्या घराचं काम घेतच नाही. घेतलंच तर डांबरीपर्यंत गाडी आणि पुढे बैलगाडी.

पहिल्या सीझनमध्ये फरक कुठे पडला तो सांगतो. सकाळी निघतानाच पोरं, सामान, घोडी सगळं एकत्र निघतं, आणि आठला हात भिंतीला लागतो. उरलेला रंग परत येतो. घरी एका खोलीत अर्ध्या बादल्या रांगेने ठेवल्या आहेत, वर शेड नंबर आणि कुणाच्या घरचा ते लिहिलेलं. कुणाच्या भिंतीला पुन्हा चीर गेली की तोच रंग हाताशी असतो. दुकानदाराशीही भाषा बदलली. पूर्वी तो पोचवून देत होता म्हणून भाव त्याचा होता. आता मी पुलगावलाही विचारतो, आर्वीलाही विचारतो.

भाव लावताना मात्र नवीनच भांडण सुरू झालं. अंदाजपत्रकात ‘वाहतूक’ अशी वेगळी ओळ लिहिली की घरमालक म्हणतो, “गाडी तं तुमचीच हाय ना बाप्पा, मंग भाडं कायचं?” ऑटोवाल्याला तोच माणूस न बोलता पैसे देत होता. डिझेल, फिटनेस, विमा, पतसंस्थेचा हप्ता हे त्याला समजावून सांगितलं तर तो म्हणतो, “तुमचा हप्ता मी कायले भरू?” त्याचंही चूक नाही. शेवटी मी ती ओळच काढून टाकली आणि चौरस फुटाचा दर थोडा वाढवला, जवळच्या गावांना एक आणि लांबच्यांना एक. आता घासाघीस दरावर होते आणि दरावर घासाघीस करायची आम्हा दोघांनाही सवय आहे.