सायकलवरून फोर्ट कोची, आणि चेरळाईचे एक वळण

‘चेची (म्हणजे ताई), दोन्ही पाय जमिनीला टेकतात का ते आधी बघा,’ असे म्हणत आमच्या गाइडने माझ्या सायकलची सीट दोनदा खाली केली, ब्रेक दाबून पाहिले आणि मगच सायकल माझ्या हाती दिली. वेंगुर्ल्याला शाळेत जाताना चालवायचे त्यानंतर मी सायकलला हात लावलेला नव्हता, त्यामुळे फोर्ट कोची सायकलवरून बघायचे हे माझ्या भाच्याने ठरवले तेव्हा मला धाकधूक होती. पण सकाळचे साडेसहा वाजले होते, रस्ते रिकामे होते, आणि पहिल्या वळणावरच पायांना जुनी सवय आठवली. आम्ही सहा जण आणि पुढे गाइड अशी ती रांग समुद्राच्या दिशेने निघाली.

कोची पाहायला सायकलइतके योग्य वाहन नाही असे माझे आता ठाम मत झाले आहे. गाव सपाट आहे, चढ असा कुठेच नाही. डचांच्या काळातल्या गल्ल्या इतक्या अरुंद आहेत की मोटारीतून जाणाऱ्याला समोरच्या मोटारीचीच काळजी लागून राहते. पायी फिरावे तर नऊनंतरचे दमट ऊन माणसाला दोन गल्ल्यांत थकवते. सायकलवरून मात्र एका पाड्याची, एका देवळाची, एका वखारीची हद्द संपून दुसऱ्याची कधी सुरू झाली हे डोळ्यांना, कानांना आणि नाकालाही कळते. हे शहर ज्यांनी वसवले ते लोक एकमेकांपासून किती थोड्या अंतरावर राहिले, ते मला पायडल मारतानाच खऱ्या अर्थाने उमगले.

पहिला थांबा अर्थातच चिनी जाळ्यांचा होता. मल्याळममध्ये त्यांना ‘चीनवला’ म्हणतात. चित्रांत ती नाजूक दिसतात, पण जवळ गेल्यावर तो अवजड यंत्राचा प्रकार आहे हे लक्षात येते. किनाऱ्यावर लाकडी पायावर एक मोठा आडवा सांगाडा झुलता बसवलेला असतो. त्याच्या समुद्राकडच्या टोकाला वाकवलेल्या लांब काठ्यांत जाळे पसरलेले असते, आणि मागच्या बाजूला दोरांना बांधलेले मोठमोठे दगड एकाखाली एक लोंबत असतात. एक माणूस मुख्य लाकडावर चालत पुढे गेला की त्याच्या वजनाने तोल जाऊन जाळे पाण्यात उतरते. थोड्या वेळाने चार-पाच जण मागचे दोर ओढतात, दगड एकेक करून फळीवर टेकतात आणि जाळे वर येते. आम्हालाही त्यांनी दोर धरायला दिला. काथ्याचा तो ओला दोर तळहाताला करकचून लागत होता. जाळे वर आले तेव्हा त्यात मूठभर बारीक मासळी, एक खेकडा आणि बरीचशी जलपर्णी होती. दोर ओढणाऱ्या वयस्कर मच्छीमाराने मासळी टोपलीत घेतली, जलपर्णी झटकून टाकली आणि एक शब्दही न बोलता जाळे पुन्हा खाली सोडले.

ही जाळी चीनहून थेट आली की मकाव या चीनच्या किनाऱ्यावरच्या आपल्या ठाण्यामार्गे पोर्तुगीजांनी आणली, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. दुसऱ्या मताच्या बाजूने एक पुरावा दिला जातो तो शब्दांचा, कारण या जाळ्यांच्या काही भागांची नावे पोर्तुगीज वळणाची आहेत. भाषेच्या वाटेने इतिहास शोधण्याची ही रीत मला मनापासून आवडते, आणि त्या दिवशी पुढे ती माझ्या स्वतःच्याही उपयोगी पडली.

बंदराचा इतिहास गाइडने धक्क्यावर उभे राहूनच सांगितला. १३४१ साली पेरियार नदीला मोठा पूर आला, उत्तरेकडचे मुजिरिसचे प्राचीन बंदर गाळाने भरले आणि इकडे कोचीचे मुख खोल व रुंद झाले. १५०० मध्ये काब्राल या पोर्तुगीज दर्यावर्दीची जहाजे येथे लागली, १५०३ मध्ये पोर्तुगीजांनी राजाच्या परवानगीने किल्ला बांधला, १६६३ मध्ये तो डचांनी घेतला आणि १७९५ मध्ये इंग्रजांनी. ज्या किल्ल्यावरून ‘फोर्ट कोची’ हे नाव पडले, त्याचे आज बुरुजाचे आणि तटाचे थोडे अवशेष तेवढे शिल्लक आहेत.

तिथून आम्ही परेड ग्राउंडला वळसा घातला. मैदानाच्या कडेला जुनी रेन ट्रीची झाडे आहेत, आणि त्यांच्या फांद्यांवर इतके नेचे आणि बांडगुळे वाढली आहेत की खाली सकाळीही गारवा असतो. मैदानासमोरच्या एका घराच्या लाकडी फाटकावर १७४० हे साल आणि एकमेकांत गुंफलेली तीन अक्षरे कोरलेली आहेत, ती डच ईस्ट इंडिया कंपनीची मुद्रा. मी सायकलवरून उतरून बराच वेळ तिथे उभी राहिले. आमच्या वेंगुर्ल्यात याच कंपनीची वखार होती. तिच्या पडक्या भिंती मी लहानपणापासून पाहत आले आहे, त्यांच्यावर वाढलेले पिंपळ मला पाठ आहेत. वेंगुर्ल्याची ती वखार आणि हे फाटक एकाच हिशेबवहीत कुठेतरी शेजारी लिहिलेले असणार, या विचाराने मला परक्या गावात एकदम ओळखीचे कोणी भेटल्यासारखे झाले.

जवळच डेव्हिड हॉल नावाची डच काळातली बैठी इमारत आहे. तिच्याशी हेन्ड्रिक व्हान ऱ्हेडे या डच गव्हर्नरचे नाव जोडले जाते, आणि गाइडने ते घेताच मी त्याला विचारले की कोंकणी वैद्यांची चेरळाई ही वस्ती आपल्या वाटेवर आहे का. त्याने आश्चर्याने माझ्याकडे पाहिले. वाटेवर नव्हती. पण शेजारचा मट्टनचेरीचा भाग पाहून झाल्यावर वेळ उरला तर नेतो, असे तो म्हणाला. मी हे का विचारले, त्याचे कारण पुढे येईल.

सेंट फ्रान्सिस चर्च उघडेपर्यंत कोपऱ्यावरच्या टपरीत चहा झाला. युरोपियनांनी भारतात बांधलेल्या सर्वांत जुन्या चर्चांत याची गणना होते. २४ डिसेंबर १५२४ रोजी वास्को द गामा कोचीतच मरण पावला आणि त्याला येथे पुरले. पुढे काही वर्षांनी त्याचे अवशेष पोर्तुगालला नेले गेले. बहुतेक पर्यटक त्या रिकाम्या थडग्याचे फोटो काढून बाहेर पडतात. १५०२ साली मक्केहून परतणाऱ्या यात्रेकरूंचे जहाज प्रवाशांसह जाळणाऱ्या त्या माणसाच्या थडग्यापाशी मला काही थांबावेसे वाटले नाही. माझे लक्ष वर गेले. बाकांवरच्या उंचीत कापडी झालरींचे लांब पंखे टांगलेले आहेत, आणि त्यांचे दोर भिंतीतल्या भोकांतून बाहेर जातात. आत प्रार्थना चाले तेव्हा बाहेर उन्हात बसून कोणीतरी ते दोर ओढत असे. गामाच्या नावाची पाटी आहे, भिंतींना डच अधिकाऱ्यांच्या थडग्यांच्या कोरीव शिळा लावलेल्या आहेत, दोर ओढणाऱ्याचे नाव मात्र कुठेही नाही. भाच्याने बाहेर जाऊन ती भोके शोधून काढली आणि मला हाक मारून दाखवली.

वेळी नावाच्या भागातला धोबीखाना हा त्या सकाळचा सर्वांत कामसू थांबा. लष्कराचे कपडे धुण्यासाठी तमिळ प्रदेशातून आणलेल्या वण्णान समाजाची कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या येथे काम करीत आली आहेत. प्रत्येकाची धुण्याची जागा ठरलेली आहे, दगड ठरलेला आहे. मागच्या मोकळ्या जागेत दोरांवर पांढऱ्या चादरींच्या रांगा होत्या, आणि चिमटा एकही दिसला नाही. दोन पदरी पीळ घातलेल्या दोरात कपड्याचे टोक खोचले की वाऱ्यानेही ते सुटत नाही. तांदळाच्या पेजेची खळ एका पातेल्यात तयार होती. इस्त्रीच्या खोलीत एक आजोबा करवंटीच्या कोळशाच्या जड इस्त्रीने मुंडू, म्हणजे कमरेला गुंडाळायचे पांढरे धोतर, कडक करीत होते. घडीची रेघ त्यांनी आधी नखाने पाडली, मग तिच्यावरून इस्त्री अशी फिरवली की ती रेघ तसूभरही हलली नाही.

मट्टनचेरीकडे जाताना बाजार रोड लागतो. खाडीला लागून असलेल्या या रस्त्यावर दोन्ही बाजूंना कौलारू गोदामे आहेत, आणि इथेच माझ्या सायकलची चेन उतरली. ती निघतानाच सैल वाटत होती आणि ज्यांनी सायकल भाड्याने दिली त्यांनी ती आधी तपासायला हवी होती, हे मी गाइडला स्पष्ट सांगितले. त्याने ते मान्य केले, चाक उलटे धरले आणि कामाला लागला. त्या दहा मिनिटांत मी शेजारच्या गोदामाच्या अंगणात डोकावले. सगळ्या चौकात आले वाळत घातले होते. दोन बायका लाकडी फावड्याने ते खालवर करीत होत्या, आणि प्रत्येक फेरीला सुंठीचा तिखट, उबदार वास उठून रस्त्यापर्यंत येत होता. पलीकडे हातगाडीवर चिंचेची पोती चढत होती. चारशे-पाचशे वर्षांच्या लढाया ज्या मालासाठी झाल्या तो माल आजही इथे चटईवर उन्हात पडलेला असतो, आणि त्याचा भाव विचारायला कोणीही आत जाऊ शकतो.

मट्टनचेरीचा राजवाडा पोर्तुगीजांनी १५५५ च्या सुमारास कोचीच्या राजाला बांधून दिला, डचांनी पुढे दुरुस्त केला, म्हणून त्याला डच पॅलेस म्हणतात, पण चौकाच्या मध्यभागी भगवतीचे मंदिर आणि शयनगृहाच्या भिंतींवर रामायणाची चित्रे आहेत. राजवाड्याला अगदी खेटून ‘परदेशी सिनेगॉग’ हे ज्यूंचे प्रार्थनास्थळ आहे, १५६८ चे. १६६२ मध्ये पोर्तुगीजांनी त्याची नासधूस केली आणि डच आल्यावर ते पुन्हा उभे राहिले. अनवाणी पायांना तिथल्या निळ्या-पांढऱ्या चिनी फरश्या गार लागतात. प्रत्येक हाताने रंगवलेली आहे आणि एकीसारखी दुसरी नाही असे म्हणतात. मी आणि भाच्याने एका कोपऱ्यात सारख्या दिसणाऱ्या दोन शोधायचा प्रयत्न केला, आणि दर वेळी विलोच्या झाडाची एखादी फांदी वेगळी निघाली. देऊळ आणि सिनेगॉग यांच्यामध्ये एवढे थोडे अंतर आहे की एकीकडची घंटा दुसरीकडे सहज ऐकू जावी. इस्रायलच्या स्थापनेनंतर येथील बहुतेक ज्यू कुटुंबे तिकडे गेली, आणि त्यांच्या गल्लीतल्या घरांत आता मसाल्याची आणि जुन्या वस्तूंची दुकाने आहेत.

साडेदहा झाले होते. बाकीच्या चौघांनी तिथूनच निरोप घेतला आणि गाइडने दिलेला शब्द पाळला.

चेरळाईचे कारण असे. व्हान ऱ्हेडे याने मलबारच्या वनस्पतींवर ‘होर्तुस मलाबारिकुस’ हा बारा खंडांचा ग्रंथ सिद्ध करविला; तो ॲमस्टरडॅममध्ये १६७८ ते १६९३ या काळात छापला गेला. झाडांचे औषधी गुण सांगणाऱ्यांत इट्टी अच्युतन हा मलयाळी वैद्य प्रमुख होता, आणि त्याच्याबरोबर रंग भट, विनायक पंडित व अप्पू भट हे कोचीतले तीन कोंकणी वैद्य होते. आम्ही ही माहिती दिली आहे, अशी साक्ष त्या तिघांनी एप्रिल १६७५ मध्ये कोंकणी भाषेत लिहून दिली, आणि ती पहिल्या खंडात जशीच्या तशी नागरी अक्षरांत छापली गेली. त्या पानाचे छायाचित्र मी काही वर्षांपूर्वी पाहिले होते. साडेतीनशे वर्षांपूर्वी ॲमस्टरडॅममध्ये छापलेले अक्षर मला घरच्या जुन्या दस्तऐवजासारखे एकेक लावत वाचता येते, हा अनुभव मी विसरू शकलेले नाही. गोव्यात पोर्तुगीजांनी देवळे पाडली, धर्मांतराचा जाच सुरू झाला, तेव्हा किनाऱ्याकिनाऱ्याने दक्षिणेकडे निघालेल्या कोंकणी लोकांना कोचीच्या राजाने आश्रय दिला. त्यांचे तिरुमल देवस्वम, म्हणजे व्यंकटाचलपतीचे मंदिर, चेरळाईत आहे.

मंदिराला बाहेरून नमस्कार करून आम्ही मागच्या गल्लीत शिरलो. एका घराच्या ओट्यावर चटईवर पापड वाळत होते आणि एक आजी कावळे हाकत बसल्या होत्या. मी सायकल भिंतीला टेकवली आणि मालवणीत विचारले की उडदाचे पापड का. त्यांनी मान वर केली, मला पुन्हा बोलायला लावले, आणि मग त्यांच्या कोंकणीत उत्तर दिले. मल्याळमच्या हेलामुळे निम्मे शब्द माझ्या हातून निसटत होते, माझेही त्यांच्या हातून निसटत असणार, पण मुलगा कोणाचा, आलात कुठून, जेवलात का, एवढे दोघींना नीट समजत होते. आमची घामेजलेली तोंडे पाहून त्या आत गेल्या आणि तांब्या-भांडे घेऊन आल्या. ‘उद्दाक,’ त्या म्हणाल्या. माझी आजी देवघरातल्या तांब्यातल्या पाण्याला उदक म्हणायची. तिच्यानंतर घरात कोणाच्या तोंडून तो शब्द मी ऐकला नव्हता.

गाइड गल्लीच्या तोंडाशी सायकलला टेकून उभा होता आणि त्याने घाई केली नाही. भाच्याने भांडे एका दमात रिकामे केले, आजींपुढे धरले आणि तोच शब्द उच्चारून आणखी मागितले.