ते तुमचे नक्की कोण?

काकांना घेऊन दवाखान्यात गेले की काउंटरवर विचारतात. घरच्या लग्नात त्यांना पहिल्या ओळीत बसवलं की व्याहीमंडळी विचारतात. सोसायटीत तर अजूनही कुणी ना कुणी विचारतंच, ते तुमचे नक्की कोण? आडनाव वेगळं, भावकी वेगळी, वडिलांचे भाऊ नव्हेत, आईचेही नव्हेत. "वडिलांचे मित्र" म्हटलं की समोरचा मान हलवतो, पण त्याचं समाधान झालेलं नसतं. तुम्ही विचारलंत म्हणून आज सविस्तर सांगते. त्यासाठी लालबागच्या एका खोलीपासून सुरुवात करावी लागेल.

आमचं गाव संगमेश्वर तालुक्यातलं. कोकणातल्या आणि घाटावरच्या कितीतरी गावांसारखी आमच्या गावाचीही मुंबईत एक खोली होती, अजून आहे. गावकऱ्यांनी वर्गणी काढून पागडीने घेतलेली. गिरणीत लागायला आलेला माणूस आपली ट्रंक आधी तिथे टेकवायचा. वडील 1960 च्या दशकात आले तेव्हा त्या दहा बाय बाराच्या खोलीत पंचवीस-तीस जण राहत होते. एवढी माणसं मावायची कशी? गिरणीच्या पाळ्यांमुळे. पहिली पाळी सकाळी सातला, दुसरी दुपारी साडेतीनला, तिसरी रात्री बाराला. पहिल्या पाळीचा माणूस उठून गेला की तिसऱ्या पाळीचा येऊन त्याच जागेवर आडवा व्हायचा.

वडील साचेखात्यात, म्हणजे विणाईला, काका रिंगखात्यात, म्हणजे सूतकताईला. बरीच वर्षं दोघांच्या पाळ्या उलट्या होत्या, त्यामुळे दोघांत वळकटी एकच. सुट्टीचा दिवस सोडला तर दोघं एका वेळी जागे क्वचितच असत. तरी एकमेकांचं सगळं ठाऊक. वडील कामावर जाताना उशाशी काहीतरी ठेवून जात: खानावळीतून बांधून आणलेल्या दोन चपात्या, विडीचं बंडल, गावाहून काकांना आलेलं आंतरदेशीय पत्र. काकांना तेव्हा वाचता येत नव्हतं. रविवारी वडील ते पत्र वाचून दाखवायचे आणि उत्तरही तेच लिहायचे. त्यामुळे काकांच्या घरात कुणाचं बाळंतपण आहे, कुठली म्हैस आटली, बांधावरून कुणाशी वाद चाललाय, हे माझ्या वडिलांना आमच्या घरच्याइतकंच माहीत असे. पुढे काकांना अक्षरओळखही वडिलांनीच करून दिली, गिरणीच्या पगाराच्या पाकिटावर.

जेवण खानावळीत. गिरणगावात तेव्हा घरोघरच्या बायका दहा-पंधरा कामगारांना महिन्याच्या बोलीवर जेवू घालायच्या. पगार झाला की महिना भरायचा, तोवर ती बाई वाण्याकडून उधारीवर धान्य आणून सगळ्यांना पोसायची. 1975 साली प्रेमाताई पुरव यांनी याच बायकांना एकत्र आणून अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं आणि त्यांना बँकेच्या कर्जाची वाट दाखवली. वडिलांचा आणि काकांचा महिना एकाच बाईकडे होता. एकाचा थकला तर दुसरा भरायचा. हिशोब लिहिलेला मला तरी कुठे सापडला नाही, आणि वडिलांच्या ट्रंकेतला कागद न् कागद मी पाहिलेला आहे.

एकदा वडिलांना टायफॉईड झाला. केईएम रुग्णालयात होते. खोलीतल्या माणसांनी उशाशी बसायच्याही पाळ्या लावून घेतल्या, कामावरून सुटलेला माणूस थेट तिथे. इकडे गावी आजीला कळता कामा नये म्हणून काकांनी आपल्या पगारातून वडिलांच्या नावाने मनीऑर्डर केली. कुपनावर कुणाकडून तरी लिहून घेतलं, "मी खुशाल आहे, काळजी नसावी." अक्षर वडिलांचं नाही, हे आईने ओळखलं. तिने पैसे घेतले, आजीला काही सांगितलं नाही आणि रात्रभर चुलीपाशी बसून राहिली. ते कुपन तिने पुढे जपून ठेवलं. आता ते माझ्याकडे आहे. शाई फिकी झाली आहे, पण पोस्टाचा शिक्का अजून स्पष्ट दिसतो.

हे सगळं सांगताना दोन गोष्टी झाकून ठेवणं मला जमणार नाही. खोलीतल्या या मैत्रीचा भार गावी राहिलेल्या बायकांवर होता. लावणी, गुरं, म्हातारी माणसं, पोरांच्या शाळा आईने एकटीने ओढल्या. तिलाही मैत्रिणी होत्या, आज तुझ्या शेतात, उद्या माझ्या, अशा चिखलात वाकून लावणी करणाऱ्या. त्यांच्याबद्दल मला कधी कुणी विचारत नाही. आणि गावाची खोली म्हटली तरी ती सगळ्या गावाची नव्हती. बौद्धवाडीतल्या माणसांनी मुंबईत आपली सोय निराळी केली होती, कारण या खोलीत त्यांना जागा नव्हती. जिव्हाळा खरा होता, आणि त्याला कुंपण होतं हेही खरं.

18 जानेवारी 1982 ला गिरण्यांचा संप सुरू झाला. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले, आणि तो संप रीतसर मागे असा कधी घेतलाच गेला नाही. आधी खोलीतल्यांनी भांडी विकली, मग एकेक जण गावची एसटी धरू लागला. वडीलही परतले. काका मुंबईतच राहिले. एका इमारतीवर वॉचमन म्हणून लागले आणि काळाचौकीत भाड्याची छोटी खोली घेऊन काकूंना आणि मुलीला घेऊन आले.

मी दहावी झाले तेव्हा आमच्याकडे पुढच्या शिक्षणाचा विषय संपल्यातच जमा होता. काकांचं पत्र आलं, आता ते स्वतः लिहीत होते. मजकूर एका ओळीचा: पोरीला पाठवून दे. मी गेले. काकूंना कुणी विचारलं असेल असं वाटत नाही. पण त्यांनी पहिल्याच दिवशी फळीवरचे आपले डबे सरकवून माझ्या पुस्तकांना जागा केली. रात्री काका कामावर असत, म्हणून आम्ही तिघी जमिनीवर झोपायचो. दिवसा काका झोपलेले असताना आम्ही कुजबुजत बोलायचो, मी कॉमन गॅलरीत अभ्यास करायचे. कॉलेजची फी काकूंनी भिशीच्या पैशातून भरली होती, हे मला फार पुढे त्यांच्या मुलीकडून समजलं.

माझे सख्खे चुलते तेव्हा वाईट वागले असं मुळीच नाही. संपाने तेही पिचले होते. सणाला, मयताला, जमिनीच्या कामाला तेच उभे राहिले, आजही राहतात. नातेवाईक असतातच, त्यांना बोलवावं लागत नाही, टाळताही येत नाही, आणि यात मला मोठा आधार वाटतो. काकांनी मात्र जे केलं ते त्यांनी केलं नसतं तर गावात कुणी एका शब्दाने त्यांना नावं ठेवली नसती. म्हणून ते माझे कोण, याचं उत्तर एका शब्दात देता येत नाही. अर्जात "नातं" असा रकाना आला की मी "मुलगी" लिहिते. म्हाडाच्या गिरणी कामगारांच्या घरांसाठी जो अर्ज केलाय, त्यात काकांची वारस त्यांची मुलगी आहे आणि माझ्या वडिलांची मी. तिथे तसंच हवं. बाकी सगळीकडे आम्ही दोघी काकांना वाटून घेतो. पावसाळ्यात ते रत्नागिरीला तिच्याकडे, एरवी माझ्याकडे, कारण डॉक्टर मुंबईचे. ती मला ताई म्हणते आणि मीठ जास्त घालते म्हणून हक्काने ओरडते.

लालबागची खोली आता पुनर्विकासात आहे. नवीन इमारतीत गावाच्या नावावर फ्लॅट मिळेल. खोली सांभाळणाऱ्या गावाच्या मंडळात काही जणांचं म्हणणं आहे की तो विकून पैसे वाटून घ्यावेत. त्यांना पैशाची गरज आहे हे मला माहीत आहे. पण आजही केईएमला किंवा टाटाला गावाहून माणूस येतो तेव्हा त्याच्यासोबतचा नातेवाईक त्याच खोलीवर उतरतो. परीक्षेला आलेली मुलं तिथेच राहतात. येत्या बैठकीत मी विकू नका म्हणणार आहे. आणि नवीन जागेत गावातल्या सगळ्या वाड्यांना उतरता आलं पाहिजे, बौद्धवाडीसकट, असा ठराव मांडणार आहे. काकांनी त्यावर अनुमोदक म्हणून सही केली आहे.