खुर्ची ओढून बस

परवा ड्युटी संपता संपता आमच्या हॉस्पिसमध्ये (बरे न होणाऱ्या पेशंट्सना शेवटच्या दिवसांत सांभाळतात ती जागा) नवीन आलेल्या सिस्टरने मला विचारलं, ताई, आठ नंबरच्या काकांना आता काहीच द्यायचं नाहीये, सलाईन बंद, अँटिबायोटिक बंद, बीपीसुद्धा घ्यायचं नाही, मग मी त्यांच्या खोलीत जाऊन नेमकं करू काय? खूप मनापासून विचारलं होतं तिने. पहिल्या वर्षी मलाही हाच प्रश्न पडायचा, फक्त मोठ्याने विचारायचा धीर नव्हता. तिला तेव्हा घाईघाईत काहीतरी सांगितलं, पण ते डोक्यातून जाईना म्हणून आज नीट लिहितेय.

आधी खुर्ची ओढ आणि बस. दारात उभं राहून "काही लागलं तर बेल वाजवा हं" म्हटलं की पेशंटला बरोब्बर कळतं, ही आत्ता निघणार. उभ्या माणसाला कोणी मनातलं विचारत नाही. दोनच मिनिटं असतील तर दोनच मिनिटं बस पण बस, आणि हातातला चार्ट खाली ठेव.

हे मी चूक करूनच शिकलेय. सुरुवातीच्या दिवसांत एका मावशींनी मला रात्री विचारलं होतं, सिस्टर, माझं आता संपत आलंय ना? मी उशी सारखी करत होते, हात न थांबवता म्हटलं, असं काय बोलता, उद्या बरं वाटेल तुम्हाला. त्या "बरं" म्हणाल्या. पुढे सहा दिवस होत्या, पण त्या सहा दिवसांत माझ्याशी फक्त उशी, पाणी आणि पांघरुणाबद्दल बोलल्या. त्यांना माझ्याकडून निदान ऐकायचं नव्हतं, डॉक्टरांनी ते सांगितलेलंच होतं, त्यांना बोलायचं होतं आणि मी दार लावून घेतलं. आता कोणी असं विचारलं की मी बसते आणि विचारते, तुम्हाला काय वाटतंय? त्यानंतर जे येतं ते येऊ देते, रडू येतं, राग येतो, कधीकधी पाच मिनिटं कोणीच काही बोलत नाही, आणि ती शांतता भरून काढायची घाई करायची नाही हे मला सगळ्यात उशिरा जमलं.

सोबत म्हणजे नुसतं बसणं पण नाही. हाताला काम असतंच. शेवटच्या दिवसांत माणूस तोंडाने श्वास घेतो, जीभ लाकडासारखी होते, ओठांना भेगा पडतात. मऊ स्पंज पाण्यात बुडवायचा, चांगला पिळायचा, आधी ओठांना टेकवायचा, मग गालाच्या आतून हळूच फिरवायचा, जिभेवरचा चिकटा ओढून काढायचा नाही, भिजू द्यायचा. मग ओठांना थोडं मलम. काकांचं हे करताना त्यांनी डोळे न उघडता स्पंज ओठांत धरून ठेवला, लहान बाळ धरतं तसा. मी पण तसाच धरून ठेवला, सोडेपर्यंत. असं दर तासा दोन तासांनी करायचं, आणि हे "काहीच नाही" नाहीये गं.

घरच्यांना हे काम शिकवलं की त्यांचा जीव थोडा शांत होतो, कारण सगळ्यात जास्त त्रास त्यांना खाण्यावरून होतो. दोन चमचे तरी घे म्हणून मागे लागतात, आपण उपाशी ठेवतोय असं वाटतं त्यांना. तेव्हा समजावून सांगावं लागतं की शरीर बंद होत आलं की त्याला अन्न नको होतं, भूक लागतच नाही, आणि जबरदस्तीने भरवलं तर घास श्वासनलिकेत जाऊ शकतो. एका ताईंना मी चमच्याऐवजी स्पंज दिला तर त्या आईचे ओठ ओले करत अर्धा तास बसल्या, प्रेमच करायचं होतं त्यांना, ते दुसऱ्या रस्त्याने करता आलं.

दुसरी भीती घरघरीची. घशात साठलेला स्राव गिळता येत नाही म्हणून तो आवाज येतो, बाहेरून ऐकणाऱ्याला वाटतं माणूस गुदमरतोय, पण तोवर पेशंट बहुतेक शुद्धीवर नसतो आणि त्याला तो त्रास जाणवत नसावा असंच आम्ही मानतो. कुशीवर वळवलं, मान थोडी वर केली की बऱ्याचदा आवाज कमी होतो. मग श्वास मध्येच थांबतो, पंधरा-वीस सेकंद काही नाही, पुन्हा सुरू. हात-पाय गार, गुडघे जांभळट. हे सगळं आधीच सांगून ठेवावं. न सांगता दिसलं तर लोक घाबरून खोलीबाहेर पळतात, आणि आयुष्यभर त्याचीच टोचणी लागते.

दुखण्याबद्दल एक सांगते. सिसिली सॉन्डर्स, ज्यांनी १९६७ मध्ये लंडनला सेंट ख्रिस्तोफर हॉस्पिस सुरू केलं, त्या आधी नर्स होत्या, मग सोशल वर्कर, मग डॉक्टर. १९४८ मध्ये कॅन्सरने जाणाऱ्या डेव्हिड तास्मा नावाच्या एका पोलिश निर्वासिताजवळ त्या जाऊन बसायच्या, बोलायच्या, आणि त्याने जाताना त्यांच्यासाठी ५०० पौंड ठेवले, तुमच्या घरातली एक खिडकी होईन म्हणून. पुढे त्यांनीच "टोटल पेन" हा शब्द आणला, म्हणजे दुखणं शरीराचं, मनाचं, नात्यांचं आणि श्रद्धेचं सगळं एकत्र. मला ते कळलं एका दादांमुळे. दिवसा ठीक, रात्री दुखणं असह्य, मॉर्फिनचे जादा डोस लागायचे. (मॉर्फिनने माणूस लवकर जातो ही भीती काढून टाका, दुखण्याच्या मानाने मोजून दिलेल्या डोसने तसं होत नाही.) एका रात्री बसले तर म्हणाले, झोपलो तर उठणार नाही असं वाटतं. तेव्हापासून दिवा चालू ठेवला, भाऊ शेजारी झोपायला लागला, आणि जादा डोस बरेच कमी झाले. मॉर्फिन लागतच होतं, पण भीतीवर ते चालत नव्हतं.

आणि बोलत राहा. २०२० मध्ये कॅनडात ब्रिटिश कोलंबिया विद्यापीठाच्या संशोधकांनी हॉस्पिसमधल्या प्रतिसाद न देणाऱ्या पेशंट्सच्या मेंदूची नोंद घेतली, तर काहींचा मेंदू आवाजांना तेव्हाही दाद देत होता. म्हणून उशाशी उभं राहून पुढच्या तयारीची चर्चा नको, ती बाहेर.

एखादा मुलगा तीन दिवस हलत नाही, चहाला जातो आणि तेवढ्यात वडील जातात. हे इतक्या वेळा पाहिलंय की मी आता आधीच सांगून ठेवते, असं झालं तर स्वतःला दोष देऊ नका, तुम्ही होतात.

आठ नंबरचे काका काल पहाटे गेले. नवीन सिस्टर जवळ होती. नंतर आम्ही दोघी त्यांना पुसून घेत होतो, मी सवयीने म्हटलं, काका, आता डाव्या कुशीवर घेते हं. मुलगा दारात उभा होता, एवढा वेळ आत येत नव्हता. तो आला, बाही वर केली, पाण्यात कापड बुडवलं आणि म्हणाला, बाबा, हात पुसतो हं.